तक्रारीवाचून श्रद्धा

श्रद्धेचा विषय घेऊन आलेला चित्रपट दिसला, की आपल्या वाङ्मयीन मंडळांत दोन तट पडतात. एक म्हणतो, हा प्रचार आहे. कलेच्या पंगतीत त्याला पाट मांडू नका. दुसरा म्हणतो, अखेर नायकाने देवावरचा विश्वास सोडला नाही ना, मग दोष कसले काढता? ‘द शिफ्ट’ या २०२३ सालच्या अमेरिकी चित्रपटाविषयी आम्ही हे दोन्ही सूर ऐकले. आम्हांस दोन्ही अमान्य आहेत, आणि ते का, हे स्पष्ट सांगणे आम्ही आमचे कर्तव्य समजतो.

ब्रॉक हीझ्ली यांचा हा चित्रपट बायबलमधील ईयोबाची कथा विज्ञानकथेच्या वेषात सांगतो. केव्हिन गार्नर या गृहस्थाची गाठ ‘बेनिफॅक्टर’, म्हणजे उपकारकर्ता, असे नाव धारण करणाऱ्या एका पुरुषाशी पडते. हा सैतानच. आपल्या चाकरीत ये, असे तो सुचवतो. केव्हिन नकार देतो. त्याची शिक्षा म्हणून तो एका समांतर जगात फेकला जातो. तिथे जुलमी सत्ता आहे आणि धर्मग्रंथाला बंदी आहे. स्मरणात उरलेली वचने कागदावर उतरवीत आणि पत्नी मॉलीकडे परतण्याची वाट शोधीत तो तिथे दिवस काढतो.

पहिल्या तटाला आमचा प्रश्न असा : ईयोबाचा विषय घेतला म्हणून कृती कलाबाह्य ठरत असेल, तर गटेच्या ‘फाउस्ट’चे काय करायचे? त्यातील स्वर्गातला प्रस्ताव ईयोबाच्या कथेवरूनच बेतलेला आहे. आणि आपले अभंगवाङ्मय कोणत्या कपाटात ठेवायचे? श्रद्धा हा साहित्याचा विषय होऊ शकत नाही, हे मत मराठी माणसाने तरी मांडू नये.

दुसऱ्या तटाशी आमचा वाद याहून मोठा आहे. ईयोब म्हटले की सोशिकपणा, असे समीकरण रूढ झाले आहे. परंतु बेचाळीस अध्यायांच्या त्या ग्रंथात सोशिक ईयोब पहिल्या दोन अध्यायांपुरताच भेटतो. तिसऱ्या अध्यायात तो आपल्या जन्मदिवसालाच शाप देतो आणि पुढे थेट देवाला जाब विचारतो. अलीफज, बिल्दद व सोफर हे मित्र देवाची बाजू घेऊन त्याला गप्प करू पाहतात. शेवटी देव वावटळीतून बोलतो. ईयोबाला त्याच्या अज्ञानाची जाणीव करून देतो खरा, पण रागावतो तो त्या मित्रांवर. ईयोब माझ्याविषयी यथार्थ बोलला, तुम्ही बोलला नाहीत, असा त्याचा निवाडा आहे. त्या ग्रंथात तक्रार श्रद्धेच्या बाहेरची नाही.

चित्रपटाने नेमके हेच निसटू दिले. मूळ कथेत सैतान देवाची अनुज्ञा घेऊन येतो, म्हणून ईयोबाचा प्रश्न देवापर्यंत पोहोचतो. इथे सारा दोष बेनिफॅक्टरच्या खात्यावर जमा होतो. नायकाचे खरे भांडण खलनायकाशीच आहे. खलनायकाला नकार देणे धैर्याचे असेल; पण ज्याच्यावर विश्वास आहे, त्यालाच ‘असे का?’ म्हणून विचारणे फार अवघड. या चित्रपटात श्रद्धा अधिक झाली, असे आम्ही म्हणत नाही. ती कमी पडली, असे म्हणतो.

याची खंत अधिक वाटते, कारण साधन हातात होते. ह्यू एव्हरेट या भौतिकशास्त्रज्ञाने १९५७ साली मांडलेल्या विचारातून अनेक विश्वांची कल्पना पुढे रूढ झाली. एका विश्वातून दुसऱ्यात जाणे ही कथाकारांची भर. ती त्यांनी अवश्य घ्यावी. पण तिची किंमत जाणावी. ईयोबाची सात मुले आणि तीन मुली एका दिवसात मरतात. अखेरीस त्याची गुरेढोरे दुप्पट होतात, आणि मुले पुन्हा सात व तीन होतात. नवी दहा लेकरे जुन्या दहांची भरपाई होतात काय? ग्रंथ या प्रश्नावर काही बोलत नाही. दुसऱ्या जगातील मॉली ही आपली मॉली काय, हा तोच प्रश्न आहे. समांतर विश्वांची कथा तो जितक्या धारदारपणे विचारू शकते, तितक्या धारदारपणे क्वचितच दुसरी कोणती कथा विचारू शकेल.

जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत दुसऱ्या जगात विश्वासराव वाचतात आणि मराठे जिंकतात. तरीही आपल्या जगातील १७६१ चा पराभव पुसला जात नाही. समांतर जग गमावलेले परत देत नाही. काय गमावले, ते दाखवते.

तुकोबांची पहिली पत्नी आणि मुलगा दुष्काळात गेले. त्यांनी विठ्ठलाला सोडले नाही, आणि त्याच्याशी भांडणेही सोडले नाही. ती भांडणे वारकरी आजही टाळमृदंगावर गातात. त्यांत कोणाला अधर्म दिसत नाही. आपल्यापैकी जे श्रद्धेविषयी लिहू इच्छितात, त्यांना आमची विनंती एवढीच, की वाचकांच्या भावना दुखावतील या भयाने ईयोबाच्या तोंडची तक्रार काढून घेऊ नका. देवाने ती ऐकून घेतली होती, वाचकही घेतील.