तेलोंना जागा कोणत्या भाषेत?

होसे मार्तीचं नाव निघालं की आपल्या चर्चासत्रांत माना डोलतात. क्यूबाच्या या कवीला स्पेनने १८७१मध्ये हद्दपार केलं, तेही स्पेनलाच. तरी तो स्पॅनिशमध्येच लिहीत राहिला. राज्यकर्त्यांच्या भाषेत का लिहिलंस, असं त्याला कोणी विचारत नाही.

मग तेलो मास्कारेन्हस यांच्यापाशीच आपण का अडखळतो? १८९९मध्ये जन्मलेले हे गोव्याचे कवी. कुइंब्रात कायदा शिकताना १९२८मध्ये सोबत्यांबरोबर ‘इंदिया नोव्हा’ हे पत्र काढलं, पुढे रवींद्रनाथ पोर्तुगीजमध्ये नेले, मुंबईतून ‘रेसुर्जे गोवा’ चालवलं. १९५९मध्ये पोर्तुगीजांनी त्यांना पकडलं आणि पोर्तुगालच्या तुरुंगात डांबलं. गोवा १९६१मध्ये मुक्त झाला. तेलो सुटले १९७०मध्ये! नऊ वर्षं गाव मोकळं आणि कवी परमुलखातल्या कोठडीत.

स्वातंत्र्यसैनिक म्हणून त्यांना मान आहे. कवी म्हणून? लिहिलं पोर्तुगीजमध्ये, म्हणून ते आपले नाहीत, हे कारण मला पटत नाही. मुक्तिबोधांची मातृभाषा मराठी, कविता हिंदीत. त्यांच्यावरचा हक्क आपण कुठे सोडला? मी स्वतः जबलपूरजवळच्या शहपुऱ्यात, भर हिंदी मुलखात, मराठी लिहिते.

खरी अडचण आळसाची आहे. मार्ती इंग्रजीतून आयता मिळतो. तेलोंसाठी पोर्तुगीज शिकावी लागते. गोवा विद्यापीठात ती शिकवतातही. लॅटिन अमेरिका विशेषांकासाठी धावणाऱ्या आम्हा अनुवादकांपैकी तिथे किती जण गेले?