मत हे इनाम नव्हे

हैदराबाद संस्थान १९४८ साली मुक्त झाले. त्या लढ्यातील स्टेट काँग्रेसचे श्रेय कोणीही नाकारणार नाही. तथापि १९५२ च्या पहिल्याच निवडणुकीत परभणीने शेतकरी कामगार पक्षाच्या नारायणराव वाघमारे यांना लोकसभेत पाठविले, व १९७७ साली त्याच पक्षाच्या शेषराव देशमुखांना. हा जिल्हा कोणाच्या दावणीला कधीच बांधलेला नव्हता! १९९१ पासून तर १९९८ चा एकच अपवाद वगळता ही जागा शिवसेनेकडे गेली. आणि २०२४ साली आघाडीचा धर्म म्हणून काँग्रेसला शिवसेनेच्याच ठाकरे गटाच्या उमेदवारासाठी मते मागावी लागली.

काँग्रेसने येथे काही केलेच नाही काय? तसे म्हणणे अन्यायाचे होईल. परभणीचे कृषी विद्यापीठ १९७२ चे. रोजगार हमीचा कायदा १९७७ चा. परंतु कायद्याने जो मजुराचा हक्क ठरला, तो पुढाऱ्यांच्या चिठ्ठीने मिळणारा उपकार होऊ लागला, की उपकार करणारा बदलताच मतही बदलते. आमच्या मते पराभवाचे मूळ येथेच आहे.

तस्मात् काँग्रेसने मुंबई-दिल्लीकडे पाहणे सोडून तालुका समित्यांच्या खऱ्या निवडणुका घ्याव्यात. आमच्या व्यापारी व नागरिक बंधूंनीही विजयी पक्षाकडून तितकाच कडक हिशेब मागावा. मत हे वंशपरंपरेचे इनाम नव्हे; ते मुदतीचे कुळपत्र आहे, आणि मुदत सर्वांनाच लागू आहे.