तडजोड कोणी करावयाची?

नेटफ्लिक्सवर 2020 च्या जुलैमध्ये ‘इंडियन मॅचमेकिंग’ ही मालिका आली आणि मुंबईच्या सीमा तपारिया देशोदेशी ओळखल्या जाऊ लागल्या. स्थळे जुळविणे हा त्यांचा व्यवसाय. शिकल्यासवरल्या तरुणांच्या, विशेषतः मुलींच्या, अपेक्षा फार. सारेच मिळत नसते, 60-70 टक्के जुळले की समाधान मानावे, तडजोड करावी, हे त्यांचे निदान.

हे निदान बेंगळुरूला लावून पाहावे. महाराष्ट्रासह देशभरातून आलेले असंख्य तरुण तेथील संगणक उद्योगात राबत आहेत. घर घ्यावयाचे तर कित्येक महिन्यांचे भाडे अनामत म्हणून मोजावे लागते. त्यात एकटी तरुणी वा अविवाहित जोडपे दिसले की घरमालकाच्या चौकशा संपत नाहीत. दिवस कचेरीत आणि रस्त्यावरील कोंडीत सरतो. एवढे अपुरे वाटून की काय, 2024 च्या जुलैत तेथे कामाचा दिवस 14 तासांपर्यंत ताणण्याचा प्रस्ताव पुढे आला. आयटी कर्मचाऱ्यांच्या युनियनने त्याला कडाडून विरोध केला. त्याआधी 2023 मध्ये इन्फोसिसचे नारायण मूर्ती यांनी तरुणांना आठवड्याला 70 तास काम करण्याचा उपदेश केलाच होता. प्रेम कोणत्या वारी करावयाचे, हे मात्र सांगितले नाही!

उरल्यासुरल्या वेळेवर टिंडर, बंबल या अमेरिकी कंपन्यांनी दुकान थाटले आहे. शोध चालू असेतोवर वर्गणी. जोडी जमली की गिऱ्हाईक गेले. त्यांना तरुणांच्या सुखाची कळकळ असेल, ही अपेक्षाच भाबडी होय. तथापि मुलीने घरच्यांच्या परवानगीवाचून परक्या माणसाशी बोलावे आणि नको वाटल्यास ‘नाही’ म्हणावे, ही सामान्य गोष्ट नव्हे. खरी पोटदुखी तेथेच आहे. 2009 च्या जानेवारीत मंगळुरूच्या पबमध्ये तरुणींना मारहाण झाली, ती याच स्वातंत्र्याच्या द्वेषातून.

चोखंदळपणाचा आरोप मुलींवर होतो. प्रत्यक्षात जात, उंची, गोरेपणा पारखून घेणाऱ्या बायोडेटाइतके चोखंदळ कोणीच नाही. 2011-12 च्या भारत मानव विकास पाहणीत आंतरजातीय विवाह सुमारे 5 टक्केच आढळले. ज्यांनी ही चौकट मोडली त्यांच्यासमोर 1954 चा विशेष विवाह कायदा 30 दिवसांची जाहीर नोटीस ठेवतो. तोवर वधूवरांची नावे-पत्ते विवाह अधिकाऱ्याच्या कचेरीत लावलेले असतात, आणि ते वाचावयास नातेवाईकांइतकेच गावगुंडही मोकळे असतात.