घरची तालीम, परगावचे मैदान

कोल्हापूर शहरातून बाहेर पडण्याचे दोन मोठे दरवाजे शाहूपुरीच्या बाजूला आहेत. एक रेल्वे स्थानक आणि दुसरे मध्यवर्ती बसस्थानक. राजर्षी शाहू महाराजांनी १८९५ मध्ये ही पेठ वसविली ती व्यापारासाठी. गुळाच्या ढेपा येथून परमुलखात रवाना होत. माल तयार करावयाचा तो आपल्या भागात आणि भाव घ्यावयाचा तो बाहेरच्या बाजारात, हा या पेठेचा शिरस्ता होता. फुटबॉलच्या बाबतीत मात्र कोल्हापूरने हा शिरस्ता नेमका उलटा केला आहे. येथील गुणी मुले कच्च्या वयातच बाहेर जातात, घडतात ती परक्या गावी. आणि येथील संघांना लागणारे तयार खेळाडू बाहेरून, अगदी सातासमुद्रापलीकडूनही आणले जातात. ज्या शहरात स्थानिक सामन्यालाही शाहू स्टेडियम ओसंडून वाहते, त्या शहराने हा उलटा व्यवहार किती काळ चालू द्यावा, हा प्रश्न आता विचारावयास हवा.

या दृष्टीने अनिकेत जाधव या खेळाडूची वाटचाल पाहण्याजोगी आहे. २००० साली जन्मलेला हा कोल्हापूरचा मुलगा, एका रिक्षाचालकाचा पुत्र. शालेय वयातच तो पुण्याला बालेवाडीच्या क्रीडा प्रबोधिनीत दाखल झाला. तेथून पुणे एफसीच्या अकादमीत आणि पुढे राष्ट्रीय कुमार संघाच्या शिबिरात त्याची निवड झाली. ऑक्टोबर २०१७ मध्ये सतरा वर्षांखालील मुलांची विश्वचषक स्पर्धा भारतात भरली, तेव्हा भारतीय संघात तो होता. अमेरिका, कोलंबिया आणि घाना या तिन्ही संघांकडून भारताचा पराभव झाला. परंतु विश्वचषकाच्या मैदानावर कोल्हापूरचा मुलगा उतरतो, ही गोष्ट पेठापेठांतून अभिमानाने सांगितली गेली. त्यानंतर काही आठवड्यांतच 'इंडियन ॲरोज' या तरुणांच्या संघातून आय-लीगमध्ये खेळताना चेन्नई सिटीविरुद्धच्या पहिल्या सामन्यात त्याने दोन गोल केले. २०१९ च्या आरंभी त्याला इंग्लंडमधील ब्लॅकबर्न रोव्हर्स या क्लबात सुमारे तीन महिने प्रशिक्षण घेण्याची संधी मिळाली. परत आल्यावर तो जमशेदपूरकडून आणि नंतर हैदराबादकडून इंडियन सुपर लीगमध्ये खेळला. २०२२ च्या मार्चमध्ये हैदराबादने ही स्पर्धा जिंकली, आणि त्याच महिन्यात बहरीन व बेलारूसविरुद्धच्या सामन्यांसाठी त्याची निवड भारताच्या वरिष्ठ संघात झाली.

ही कारकीर्द गौरवास्पद आहे, यात शंका नाही. तथापि तिचा नीट हिशेब मांडला तर त्यात कोल्हापूरचा वाटा किती निघतो? जन्म कोल्हापूरचा, ओढ कोल्हापूरची, टाळ्या कोल्हापूरच्या. शिक्षण मात्र पुण्याचे, गोव्याचे, दिल्लीचे आणि तीन महिने इंग्लंडचे. त्या तीन महिन्यांचेही मोल अवाजवी वाढवून सांगण्यात अर्थ नाही. ते शिकाऊ पाहुण्याचे दिवस होते. क्लबच्या खेळाडूचा करार तो नव्हे. कोलकात्याचा मोहम्मद सलीम १९३६ मध्ये स्कॉटलंडच्या सेल्टिक क्लबाकडून अनवाणी पायांनी खेळला, भायचुंग भुतिया १९९९ मध्ये इंग्लंडमधील बरी क्लबात गेला, गुरप्रीतसिंग संधू २०१४ पासून तीन वर्षे नॉर्वेत राहिला. ऐंशी वर्षांत अशी नावे हाताच्या बोटांवर मोजता यावीत, याचा अर्थ एवढाच की भारतीय फुटबॉलपटूला परदेशी नेणारी मळलेली वाट अद्याप नाही. जो जातो तो आपल्यापुरती पायवाट पाडून जातो, आणि त्याच्यामागे गवत पुन्हा वाढते.

देशातील वाटही फारशी पक्की नाही. ब्लॅकबर्न रोव्हर्सची मालकी २०१० पासून पुण्याच्या वेंकीज उद्योगसमूहाकडे आहे. म्हणजे पुण्याचा पैसा लँकेशायरमधील एक जुना क्लब चालवितो. आणि त्याच पुण्यात व्यावसायिक क्लब मात्र टिकले नाहीत. ज्याच्या अकादमीत अनिकेत शिकला तो पुणे एफसी क्लब २०१५ मध्ये मोडला. २०१७ मध्ये डीएसके शिवाजीयन्स मैदानातून बाहेर पडला. २०१९ मध्ये एफसी पुणे सिटी विसर्जित झाला आणि लीगमधील त्याची जागा हैदराबादच्या नव्या संघाने घेतली. कोल्हापूरच्या मुलाने लीगचे विजेतेपद मिळविले ते पुण्याच्या रिकाम्या झालेल्या जागेवर उभ्या राहिलेल्या या संघातून. तो संघही पुढे आर्थिक अडचणीत सापडला. खेळाडूचे पाय कितीही बळकट असले, तरी पायाखालची जमीन अशी सरकत राहिली तर त्याने धावावे कोठे?

एकट्याने पाडलेली पायवाट आणि समाजाने बांधलेला रस्ता यांतील फरक पाहावयाचा असेल तर मोरोक्कोचे उदाहरण बोलके आहे. कासाब्लांकाचा लार्बी बेन बारेक हा परदेशी कीर्ती मिळविणारा त्या देशाचा पहिला थोर फुटबॉलपटू. मोरोक्को तेव्हा फ्रान्सच्या अंमलाखाली होता. १९३८ मध्ये मार्सेच्या क्लबाने त्याला नेले आणि त्याच वर्षी तो फ्रान्सच्या राष्ट्रीय संघातून इटलीविरुद्ध खेळला. महायुद्धामुळे त्याची ऐन उमेदीची वर्षे वाया गेली. युद्ध संपल्यावर पॅरिस, १९४८ पासून माद्रिद, आणि तेथे अॅटलेटिको संघाला १९५० व १९५१ अशी लागोपाठ दोन वर्षे लीगचे विजेतेपद. फ्रान्ससाठी त्याचा अखेरचा सामना १९५४ चा. म्हणजे पहिल्या आणि अखेरच्या सामन्यात जवळजवळ सोळा वर्षांचे अंतर. १९५६ मध्ये मोरोक्को स्वतंत्र झाला तेव्हा त्याचे खेळण्याचे दिवस सरले होते. स्वदेशाच्या संघाचा तो मार्गदर्शक झाला, पण त्या संघाचा सदरा अंगात घालून खेळण्याचे भाग्य त्याला लाभले नाही. १९९२ मध्ये कासाब्लांकातील आपल्या घरी तो एकाकी अवस्थेत मरण पावला, आणि त्याचा मृत्यू लोकांना काही दिवसांनी कळला. फिफाने त्याला सन्मान दिला तो १९९८ मध्ये, मरणोत्तर.

कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचे आणि कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयाचे खाशाबा जाधव यांची आठवण येथे झाल्याखेरीज राहत नाही. हेलसिंकीला १९५२ मध्ये ऑलिंपिक पदक मिळविणाऱ्या या मल्लाला अर्जुन पुरस्कार मिळाला तोही मृत्यूनंतरच. कर्तृत्व एकट्याचे आणि कौतुक उशिराचे, ही तऱ्हा कासाब्लांकाची तशी आपलीही आहे.

परंतु मोरोक्कोची कथा बेन बारेकपाशी संपली नाही. त्या देशाने २००९ मध्ये राजधानी रबातच्या परिसरात राजे सहावे मोहम्मद यांच्या नावाची फुटबॉल अकादमी उभारली. शाळा, वसतिगृह आणि मैदान एकाच आवारात असलेल्या या संस्थेत लहान वयाची मुले निवडून घेतली जाऊ लागली. २०२२ च्या विश्वचषकात मोरोक्कोने उपांत्य फेरी गाठली. आफ्रिका खंडातील कोणत्याही देशाला त्यापूर्वी ते साधले नव्हते. त्या संघातील सव्वीस खेळाडूंपैकी चौदा जण मोरोक्कोबाहेर, स्थलांतरितांच्या घरी जन्मलेले होते, हे खरे. पण पोर्तुगालविरुद्ध निर्णायक गोल करणारा यूसुफ एन-नेसिरी हा त्या अकादमीत घडलेला होता. उपांत्य सामन्यात मोरोक्कोची गाठ पडली ती फ्रान्सशी, ज्या देशाचा सदरा बेन बारेकने घातला होता त्याच देशाशी. २०२५ मध्ये वीस वर्षांखालील मुलांचा विश्वचषक अर्जेंटिनाला हरवून मोरोक्कोने जिंकला. आजही मोरोक्कोचे खेळाडू परदेशी जातात आणि बेन बारेकपेक्षा किती तरी मोठ्या संख्येने जातात. फरक इतकाच की आता त्यांच्यामागे घरची घडण उभी आहे.

यावर कोणी म्हणेल, एका देशाची आणि एका शहराची तुलना कशी व्हावी? राजाचा खजिना कोठे आणि तालमीची वर्गणी कोठे? हा आक्षेप अगदीच पोकळ नाही. परंतु कोल्हापूरपाशी जे आहे ते पैशाने विकत मिळणारे नाही. पाटाकडील, दिलबहार, खंडोबा, बालगोपाल, शिवाजी तरुण मंडळ, प्रॅक्टिस क्लब ही नावे म्हणजे केवळ संघ नव्हेत. पिढ्यान् पिढ्या चालत आलेली निष्ठा त्यांच्यामागे आहे. भारतातील किती तरी व्यावसायिक क्लबांना जाहिराती करूनही असा प्रेक्षक लाभत नाही. प्रश्न आहे तो या निष्ठेचे होते काय, हा.

तिचे होते ते असे. हंगाम आला की चषकामागून चषक जाहीर होतात. बक्षिसांच्या रकमा वाढतात. विजयासाठी उतावीळ झालेले संघ नायजेरियासारख्या आफ्रिकी देशांतील खेळाडू आणतात. त्यांच्या राहण्याजेवणाचा आणि मानधनाचा खर्च पेठ सोसते. सामना हरला तर पेठेची अब्रू गेली असे मानले जाते, आणि समर्थकांच्या हाणामारीने चांगल्या खेळावर विरजण पडते. या सगळ्या धामधुमीत पेठेतील बारा वर्षांच्या मुलाच्या वाट्याला काय येते? गॅलरीतील एक जागा, आणि आरोळी देण्याचा हक्क.

आफ्रिकेतून आलेल्या त्या तरुणांवर येथे कसलाही रोख नाही. तेही बेन बारेकचेच वारस. घर सोडून, भाषा न कळणाऱ्या गावी, चार पैसे गाठीला बांधण्यासाठी ते आलेले असतात, आणि त्यांच्या खेळाने येथील सामन्यांचा दर्जा वाढतो, हेही मान्य केले पाहिजे. दोष आहे तो त्यांना केवळ गोल करण्यापुरते बोलावण्यात. कुस्तीच्या बाबतीत कोल्हापूरने असे केले नव्हते. शाहू महाराजांनी उत्तरेकडील नामांकित मल्लांना येथे आश्रय दिला. १९१२ मध्ये पूर्ण झालेल्या खासबाग मैदानावर त्यांच्या कुस्त्या लोकांनी डोळे भरून पाहिल्या. पण मैदानाच्या जोडीला तालमी होत्या, तालमीत वस्ताद होता, आणि वस्तादाच्या हाताखाली खेड्यापाड्यांतून आलेली पोरे पहाटे लाल मातीत घाम गाळत होती. बाहेरचा मल्ल हा त्या पोरांच्या डोळ्यांपुढचा धडा होता. आज फुटबॉल संघांच्या नावांत 'तालीम' हा शब्द राहिला आहे. त्या शब्दातील वस्ताद मात्र हरवला आहे.

तो परत आणणे अशक्य नाही. वरिष्ठ गटात खेळणाऱ्या प्रत्येक संघाने तेरा आणि पंधरा वर्षांखालील मुलांचे संघ वर्षभर चालविलेच पाहिजेत, आणि जो ते चालविणार नाही त्याला परदेशी खेळाडू उतरविण्याची मुभा असू नये, असा नियम कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशनला करता येईल. प्रत्येक चषकाच्या बक्षिसातील ठरावीक हिस्सा प्रशिक्षकाच्या पगारासाठी बाजूला काढता येईल. जो परदेशी खेळाडू येईल त्याने आठवड्यातील दोन सकाळी पेठेतील मुलांबरोबर घालवाव्यात, अशी अट करारातच घालता येईल. चषकांना आपली नावे देणाऱ्या पुढाऱ्यांनी एखाद्या वर्षी चषकाऐवजी मुलांसाठी मैदान दिले, तर त्यांचे नाव अधिक काळ टिकेल.

शाळांचेही काही कर्तव्य आहे. विश्वचषकाच्या निमित्ताने १५ सप्टेंबर २०१७ रोजी महाराष्ट्रातील शाळाशाळांतून मुलांना फुटबॉल खेळविण्यात आला. शाळांना चेंडू मिळाले, छायाचित्रे निघाली. उत्सव एका दिवसाचा होता. खेळाला रोजचा तास लागतो. वेळापत्रकातील खेळाचा तास परीक्षेच्या तोंडावर गणिताला देऊन टाकण्याची सवय जोपर्यंत सुटत नाही, तोपर्यंत अशा उत्सवांतून खेळाडू निपजणार नाहीत. खाशाबांना हेलसिंकीला पाठविण्यासाठी राजाराम महाविद्यालयाचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपले घर गहाण ठेवले होते. आजच्या शिक्षकाकडे कोणी घर मागत नाही. आठवड्याचा तो एक तास त्याने मुलांकडून काढून घेऊ नये, इतकेच मागणे आहे.

अनिकेत जाधव ज्या वाटेने गेला त्या वाटेने उद्या आणखी मुले जातील, आणि त्यांनी जावेच. गुणाला गावाची वेस अडवीत नाही, आणि अडवूही नये. परंतु गुळाची ढेप पेठेबाहेर पडत असे ती उसाचा रस काहिलीत आटवून झाल्यावर. कोणी उभा ऊस परमुलखात धाडून गुळाचा मान मिरविला नाही. शाहूपुरीच्या स्थानकावर ज्या मुलाला कोल्हापूर निरोप देईल, त्याच्या पायांत खेळाचे पहिले शिक्षण कोल्हापूरनेच घातलेले असावे. तेव्हाच त्याच्या यशाचा गुलाल उधळण्याचा अधिकार या शहराला खऱ्या अर्थाने पोहोचेल.