निमित्त पोकळ नसावे

कथेला आरंभ व्हायला आणि ती पुढे सरकायला काहीतरी निमित्त लागते. हरवलेले पत्र, दडवलेले मृत्युपत्र, चोरीस गेलेला हार. हे निमित्त कोणतेही चालते, पात्रे त्यामागे धावली म्हणजे झाले, असे नवोदित लेखकांना सर्रास सांगितले जाते. या शिकवणुकीला आमचा स्पष्ट विरोध आहे.

तिच्या समर्थनार्थ आल्फ्रेड हिचकॉक या थोर दिग्दर्शकाचा दाखला दिला जातो. अशा निमित्ताला ते ‘मॅकगफिन’ म्हणत. त्यांच्या ‘नटोरियस’ (१९४६) या चित्रपटात मद्याच्या बाटल्यांत युरेनियम दडवलेले आहे. निर्मात्याला ते रुचेना, तेव्हा त्याऐवजी हिरे घालण्याची तयारी त्यांनी दाखवली. ‘सायको’मध्ये (१९६०) चोरलेले ४०,००० डॉलर मोटारीसह दलदलीत बुडतात आणि प्रेक्षकाला त्यांची हळहळही वाटत नाही. हिचकॉक यांच्या हाती ही युक्ती साधली, हे आम्ही नाकारीत नाही. मात्र तिचा नियम करणे आम्हांस मान्य नाही.

निमित्त बदलले की माणसाचा दोषही बदलतो. महाभारतातील शकुंतलेच्या आख्यानात ना अंगठी आहे, ना शाप. दुष्यंत तिला जाणूनबुजून नाकारतो. कालिदासाने शाप आणि अंगठी आणली, आणि राजाच्या माथ्यावरचा दोष उतरला. मग निमित्ताला महत्त्व नाही, असे कोणत्या तोंडाने म्हणावे?

खुद्द हिचकॉक यांचाच एक चित्रपट या नियमाविरुद्ध साक्ष देतो. येशूसंघीयांच्या शाळेत शिकलेल्या या दिग्दर्शकाने १९५३ साली ‘आय कन्फेस’ काढला. क्युबेक शहरातील चर्चचा एक सेवक खून करतो आणि फादर लोगन यांच्यापाशी पापनिवेदन करतो. पुढे संशय फादरांवरच येतो. एका शब्दाने ते सुटू शकतात. तो शब्द ते उच्चारीत नाहीत. खटला उभा राहतो, लोक निर्भर्त्सना करतात, तरी ओठ मिटलेलेच राहतात. कॅथलिकेतर प्रेक्षकांना हे मौन पटले नाही, अशी खंत हिचकॉक यांनी पुढे बोलून दाखवली. आमच्या मते तेच त्या कथेचे बळ आहे. पापनिवेदनाच्या गुप्ततेऐवजी तिथे मित्राला दिलेले साधे वचन घालून पाहा, सारी कथा कोसळते. युरेनियमच्या जागी हिरे चालतात; या मौनाच्या जागी दुसरे काहीही चालत नाही.

आमच्या लेखक बंधुभगिनींनी हीच कसोटी लावावी. आपल्या कथेतील पत्र बदलून हार ठेवला आणि काहीच बिघडले नाही, तर ती कथा अद्याप लिहून झालेली नाही, असे समजावे. ज्या निमित्तासाठी पात्राला काही मोजावे लागते, तेच खरे निमित्त. बाकीची नुसती धावपळ. आणि धावपळ पाहून दमलेला वाचक पुस्तक मिटतो, तेव्हा त्याच्या ओंजळीत काही उरत नाही.