किल्ली कोणाच्या नावावर?

आमच्या तिजोरीच्या दोन किल्ल्या दोघांकडे. एकाची बदली झाली, तर रजिस्टरात सह्या होऊनच किल्ली हलते. आणि ‘जिरा’ची किल्ली? (फोडणीतले जिरे नव्हे, कामांची नोंद ठेवणारे ॲप.) त्यातल्या तक्रारी रोज रात्री ॲझुर डेटा फॅक्टरीतून आमच्या तक्त्यात यायच्या, त्या परवा थांबल्या. साहेब डाफरले माझ्यावर! चौकशीअंती कळले, जोडणीचे टोकन एका पोराच्या खात्यावर काढलेले. पोरगा नोकरी सोडून गेला, खाते बंद, टोकन खलास. तो राहिला असता तरी १५ डिसेंबर २०२४ नंतर काढलेले टोकन फार तर वर्षभर जगते. अहो, ५० पैशांच्या फरकासाठी आम्हांला रात्री नऊपर्यंत बसवता ना? मग टोकन बँकेच्या स्वतंत्र खात्यावर काढा, मुदतीची तारीख किल्ल्यांच्या रजिस्टरात लिहा. लिहायला मी आहेच. बॉलपेनही माझेच.