फूस लावून पळवून नेले

काल कपाट आवरताना एका पाकिटात माझ्याच आधारकार्डाच्या झेरॉक्स आणि दोन पासपोर्ट फोटो सापडले. २०२२ मध्ये मित्राच्या लग्नात साक्षीदार म्हणून सही केली होती, त्यातून उरलेले. लग्न आळंदीला. पुण्यात राहणाऱ्याला यापुढे वेगळं सांगायला नको! दोघंही इंजिनियर, ती २४ वर्षांची, तो २६ चा, जात वेगळी. (जाती मुद्दाम लिहीत नाही. कुठल्याही टाका, गोष्ट तीच राहते.)

नवव्या दिवशी मला फोन. "साक्षीदार तुम्हीच ना? पोलीस स्टेशनातून बोलतोय. या उद्या." मुलीच्या तालुक्याचं गाव, पुण्यापासून पाच तास. मी म्हटलं, साहेब, उद्या आमचं रिलीज आहे. "कसलं रिलीज? पिक्चर काढता काय?" आता हसू येतं, तेव्हा घशाला कोरड पडली होती.

तिथे गेल्यावर फिर्याद वाचायला मिळाली. 'माझ्या मुलीस फूस लावून पळवून नेले.' सोबत घरातले दागिनेही नेले, असं होतंच. कलम ३६६. म्हणजे लग्नाची सक्ती करण्यासाठी स्त्रीचं अपहरण, दहा वर्षांपर्यंत शिक्षा. (जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेत हेच कलम ८७ आहे. नंबर बदलला, फिर्यादीची भाषा तीच.) मला त्या वाक्याचीच गंमत वाटली. माझ्यापेक्षा जास्त पगार घेणारी, दोन वर्षं एकटी पुण्यात राहिलेली मुलगी, आणि त्या वाक्यात ती काहीच करत नाही. तिला फूस लावतात, तिला नेतात. बॅग तिनेच भरली होती हो! बसचं तिकीटही तिनेच काढलं होतं.

परत आल्यावर रात्री जागून निकाल वाचायला लागलो. 'लता सिंह विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य' वाचून झोपच उडाली. सज्ञान मुलीने २००० मध्ये आंतरजातीय लग्न केलं. भावाने तक्रार केली आणि पोलिसांनी नवऱ्याच्या बहिणींनाही अटक केली. लग्न आपल्या मर्जीने केलं, हे तिने मॅजिस्ट्रेटसमोर २००१ मध्येच सांगितलं. तरी खटला चालूच. सुप्रीम कोर्टाने तो रद्द केला २००६ मध्ये. कोर्टाने तेव्हा स्पष्ट म्हटलं की लग्न पसंत नसेल तर आईवडलांनी फार तर संबंध तोडावेत, धमक्या आणि त्रास देता येणार नाही. उत्तम. पण एका 'हो, मी स्वतः गेले' या वाक्याची दखल घ्यायला पाच वर्षं?

आणि हे एखाददुसरं प्रकरण नाही. 'द हिंदू'साठी रुक्मिणी एस. यांनी दिल्लीच्या जिल्हा न्यायालयांचे २०१३ मधले बलात्काराच्या खटल्यांचे निकाल वाचून काढले होते. पूर्ण चाललेल्या खटल्यांपैकी ४० टक्क्यांच्या आसपास प्रकरणं संमतीच्या संबंधांची निघाली, बरीचशी घरून पळून गेलेल्या जोडप्यांची, तक्रार मुलीच्या घरच्यांची. याचा अर्थ 'बायका खोट्या केसेस करतात' असा काढणारे महाभाग भेटतात. अरे, इथे केस बाई करतच नाहीये! तिचा बाप करतोय, आणि तिचं म्हणणं त्याच्या विरोधात आहे.

माझं मत असं की या केसेस जिंकण्यासाठी नसतातच. मुलगी जबाबासाठी तालुक्याला आली की आई दारात रडते, मामा समजावतो, 'दोन दिवस घरी चल' म्हणतात. त्या दोन दिवसांत जबाब फिरला तर फिरला. आमच्या केसमध्ये फिरला नाही, कारण ती वकिलाचा हात धरूनच आत गेली आणि तशीच बाहेर आली.

मुलगी हरवल्याची तक्रार घेऊच नये असं मी म्हणत नाही. खरोखर फसवून नेलेल्या मुलीही असतात, शोध घ्यायलाच हवा. अल्पवयीन मुलीची गोष्ट तर कायद्यात वेगळीच. पण सज्ञान बाई समोर येऊन सांगते आहे म्हटल्यावर पुढे तपासायचं काय उरतं? तिचा जबाब ती जिथे राहते तिथल्या पोलीस स्टेशनात, घरच्यांच्या गैरहजेरीत घ्यावा, आणि तो घेईपर्यंत बाकी कोणाला हात लावू नये. सुरक्षित निवारे आणि जिल्ह्यात विशेष कक्ष असावेत, हे तर सुप्रीम कोर्टाने 'शक्ती वाहिनी'च्या निकालात २०१८ मध्येच सांगून ठेवलंय.

आमची केस आठ महिन्यांनी 'सी समरी'ने बंद झाली. जाणूनबुजून खोटी असती तर 'बी'. सी म्हणजे साधारणपणे गैरसमजातून झालेली तक्रार. मित्र खवळला होता. खोट्या फिर्यादीबद्दल उलट कारवाई करू म्हणत होता. ती म्हणाली, "बाबांना कोर्टात उभं करू मी?" विषय संपला. घरच्यांना हे पक्कं ठाऊक असतं, म्हणून तर अशी फिर्याद फुकटात पडते.

गेल्या महिन्यात ऑफिसमधल्या एका ज्युनियरने चहाच्या टपरीवर हळूच विचारलं, "दादा, आळंदीला साक्षीदार म्हणून याल का?" मी हो म्हटलं. फक्त सांगितलं की तिचा शाळा सोडल्याचा दाखला आणि बाकी ओरिजिनल आधी घरातून बाहेर काढा, आणि लग्नाच्या आदल्या दिवशी वकिलाचा नंबर मलाही पाठवून ठेव. रजा या वेळी मी आधीच टाकून ठेवली आहे. दोन दिवस लग्नाचे, दोन पोलीस स्टेशनचे.